कंपनी बंद करून देणारी तयार पॅकेजे: संचालकाच्या सहीच्या बाजूने केलेले परीक्षण

देणी फेडून कंपनी रीतसर बंद करायची ठरली, की सीए, सीएस (कंपनी सेक्रेटरी) किंवा सल्लागार फर्मकडून एक तयार पॅकेज समोर येते. नावे वेगवेगळी असली तरी आत साधारण तेच असते: संचालकांच्या घोषणेचा मसुदा, बोर्डाचे आणि भागधारकांचे ठराव, लिक्विडेटर (मालमत्ता विकून देणी फेडणारा) म्हणून काम करणाऱ्या इन्सॉल्व्हन्सी प्रोफेशनलची सोय, वर्तमानपत्रातली जाहीर सूचना, आरओसीकडचे (कंपनी निबंधकांकडचे) फॉर्म आणि शेवटी एनसीएलटीत, म्हणजे राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात, विसर्जनाचा अर्ज. दिवाळखोरी संहितेच्या कलम ५९ खालची ही ऐच्छिक परिसमापनाची, म्हणजे स्वतःहून देणी फेडून कंपनी मिटवण्याची, सेवा. या परीक्षणात तिचे मोजमाप एकाच गोष्टीवर केले आहे: सही करण्याआधी हे पॅकेज संचालकाकडून पूर्ण माहिती किती नेटाने काढून घेते? फॉर्म चुकला तर तो पुन्हा भरता येतो. शपथेवर दिलेल्या घोषणेत दडलेली किंवा राहून गेलेली माहिती मात्र फर्मच्या नव्हे, संचालकाच्या अंगावर येते.

निकाल आधीच सांगतो. कागद तयार करण्यात ही पॅकेजे चांगली आहेत, तारखांच्या हिशेबात बरी आहेत, आणि माहिती उघड करण्याच्या टप्प्यावर बहुतांश कमकुवत आहेत. जी फर्म पहिल्या भेटीतच मसुदा पुढे सरकवून "इथे सही करा" म्हणते, तिला नाही म्हणा. पंधरा-वीस पानांची प्रश्नावली हातात देऊन दोन आठवडे छळणारी फर्म घ्या.

विकले जातेय नेमके काय?

पहिला घोळ इथेच होतो. "कंपनी बंद" या एका शब्दाखाली वेगवेगळे मार्ग विकले जातात आणि प्रत्येकात संचालकाने उघड करायची माहिती वेगळी असते. सर्वांत स्वस्त पॅकेज बहुतेकदा परिसमापनाचे नसतेच, ते स्ट्राइक ऑफचे, म्हणजे कंपन्यांच्या नोंदवहीतून नाव काढून टाकण्याचे, असते. त्यात एसटीके-२ हा अर्ज जातो, सरकारी शुल्क १०,००० रुपये. मे २०२३ पासून हे अर्ज कंपन्या बंद करण्यासाठीच्या सी-पेस या सरकारी केंद्राकडे जातात. सोबत संचालकांचे एसटीके-३ मधले हमीपत्र, एसटीके-४ मधले प्रतिज्ञापत्र आणि एसटीके-८ मधले मालमत्ता व देण्यांचे विवरण लागते. हे विवरण ३० दिवसांपेक्षा जुने चालत नाही. चालू असलेली कंपनी यात बसत नाही. सुरू झाली असेल तर लगतच्या दोन आर्थिक वर्षांत व्यवसाय झालेला नसावा, आणि अर्जापूर्वी सगळी देणी फेडलेली असावीत.

सेवा म्हणून स्ट्राइक ऑफ वाईट नाही. ज्या कंपनीच्या नावावर बँकेतल्या किरकोळ शिलकीपलीकडे काही नाही, तिला तेच योग्य. पण विक्री करताना दोन गोष्टी सांगितल्या जात नाहीत. नाव नोंदवहीतून गेले तरी संचालकांची जबाबदारी, कंपनी जणू विसर्जित झालीच नाही अशा रीतीने, चालू राहते. आणि भागधारक, धनको किंवा कामगार, राजपत्रातल्या सूचनेपासून २० वर्षांपर्यंत कंपनी पुन्हा नोंदवहीवर आणायला एनसीएलटीकडे जाऊ शकतात. हमीपत्रावर सही करताना संचालकाला एवढे माहीत असलेच पाहिजे.

कलम ५९ चे पॅकेज महाग पडते, कारण त्यात लिक्विडेटर जाहीरपणे दावे मागवतो, मालमत्ता विकतो, वाटप करतो आणि न्यायाधिकरणाचा आदेश आणतो. मालमत्ता आहे, परदेशी भागधारक आहेत, जुने करार आहेत अशा कंपनीने हाच मार्ग घ्यावा. अट एक: कंपनीने कोणतेही कर्ज-देणे थकवलेले नसावे.

घोषणेचा मसुदा

पॅकेजचा गाभा हा दोन-तीन पानांचा कागद. बहुसंख्य संचालकांनी प्रतिज्ञापत्रावर सांगायचे की आम्ही कंपनीच्या कारभाराची पूर्ण चौकशी केली आहे. कंपनीवर देणे नाही, किंवा असेल तर मालमत्ता विकून आलेल्या पैशांतून ते पूर्ण फिटेल असे आमचे मत आहे. आणि कोणालाही फसवण्यासाठी हे परिसमापन चाललेले नाही. तीन संचालक असतील तर दोघांच्या सह्या पुरतात. दोनच असतील तर बहुमत म्हणजे दोघेही. एक संचालक परदेशात असेल तर त्याच्या प्रतिज्ञापत्राचे नोटरायझेशन तिथे कसे होणार हे पहिल्या दिवशीच विचारायला हवे. अनेक पॅकेजांत हा प्रश्न सभेच्या आदल्या आठवड्यात निघतो.

सोबत मागच्या दोन वर्षांचे ऑडिट झालेले हिशेब आणि व्यवसायाच्या नोंदी जोडायच्या. तयार केला असेल तर नोंदणीकृत व्हॅल्युअरचा मालमत्तेचा अहवालही.

जानेवारी २०२४ मध्ये आयबीबीआयने (दिवाळखोरी क्षेत्राच्या नियामक मंडळाने) ऐच्छिक परिसमापनाचे विनियम बदलले. तेव्हापासून घोषणेत आणखी एक भाग आला: वैधानिक प्राधिकरणांपुढे प्रलंबित असलेली प्रकरणे व करनिर्धारणे, तसेच प्रलंबित दावे उघड करायचे, आणि त्यातून निघू शकणाऱ्या देण्यासाठी पुरेशी तरतूद केली आहे असेही सांगायचे. पॅकेजांची खरी परीक्षा या परिच्छेदात होते, आणि बरीच इथेच नापास होतात. मसुद्यात आधीच्या ग्राहकाच्या फाइलमधले "कोणतेही प्रकरण प्रलंबित नाही" हे वाक्य तसेच राहिलेले असते. कंपनीला एखाद्या जुन्या वर्षाची जीएसटीची नोटीस आलेली असेल, तर ते वाक्य सहीच्या क्षणीच खोटे ठरते. कलम ५९ च्या परिसमापनाला संहितेचे अपराधांचे प्रकरणही लागू होते. कंपनीच्या स्थितीविषयीच्या निवेदनात जाणूनबुजून महत्त्वाची गोष्ट वगळली तर ३ ते ५ वर्षे कैद, १ लाख ते १ कोटी रुपये दंड, किंवा दोन्ही होऊ शकते.

दु:ख याचे की लपवून मिळत काहीच नाही. प्रलंबित प्रकरण असले म्हणून ऐच्छिक परिसमापन अडत नाही. ते सांगायचे आणि त्यासाठी पैसे बाजूला ठेवायचे, एवढीच अपेक्षा आहे. चांगल्या मसुद्यात यासाठी स्वतंत्र तक्ता असतो: कोणते प्राधिकरण, कोणता काळ, नोटिशीचा क्रमांक व तारीख, मागितलेली रक्कम, प्रकरण कोणत्या टप्प्यावर आहे, पुढची तारीख, तरतुदीची रक्कम, आणि ती रक्कम कोणत्या खात्यात पडून आहे. शेवटचा रकाना महत्त्वाचा. ताळेबंदात तरतूद दाखवली आणि बँकेत पैसेच नाहीत, तर ती नुसती नोंद ठरते. मागणीचा आकडा अजून ठरलेला नसेल तर नोटिशीतली वादाची रक्कम, अपेक्षित निकालापर्यंतचे व्याज, संभाव्य दंड आणि वकिलाची फी असा हिशेब मांडून तो घोषणेच्या फाइलला लावावा. उद्या "पुरेशी" हा शब्द कशावरून वापरला असे कोणी विचारले, तर दाखवायला कागद हवा.

प्रश्नावली: इथे वेळ द्या

"पूर्ण चौकशी केली" असे शपथेवर लिहायचे असेल तर चौकशी झाल्याचा पुरावा हवा. तो म्हणजे प्रश्नावली आणि तिच्यामागची फाइल. कमकुवत पॅकेजात ही एका पानाची असते: मालमत्ता आहे का, कर्ज आहे का, केस आहे का, होय किंवा नाही. अशा प्रश्नांना संचालक आठवणीतून उत्तरे देतो, आणि आठवण कायम ताळेबंदापुरती असते.

चांगली प्रश्नावली ताळेबंदाच्या बाहेर जाते. बँकेची सगळी खाती मागते, त्यात एखाद्या टेंडरसाठी उघडून विसरलेले चालू खाते आणि बँक गॅरंटीच्या मार्जिनपोटी ठेवलेली मुदत ठेवही येते. कंपनीच्या पैशाने घेतलेली पण संचालकाच्या नावावर असलेली गाडी विचारते. जागेची आणि वीजजोडणीची अनामत, पुरवठादारांना दिलेली आगाऊ रक्कम, कराचे परतावे, ट्रेडमार्क, सॉफ्टवेअरचा सोर्स कोड, कर्मचाऱ्याच्या ईमेलवर नोंदवलेले डोमेन, हे सगळे विचारते. या मालमत्तांची किंमत कमी असेल, पण शेवटचे वाटप झाल्यावर परतावा खात्यात आला की पुन्हा वाटपाची प्रक्रिया मागे लागते.

सर्वांत जास्त सुटणारी गोष्ट म्हणजे भगिनी कंपनीच्या कर्जाला दिलेली कॉर्पोरेट गॅरंटी (हमी). ती ताळेबंदाच्या आकड्यांत नसते, फार तर टिपांमध्ये संभाव्य देणे म्हणून एक ओळ असते. भगिनी कंपनी हप्ते वेळेवर भरतेय म्हणून संचालकाला ते देणे वाटतच नाही. बँकेला मात्र ते देणेच वाटते आणि ती दावा दाखल करते. मग "देणी पूर्ण फिटतील" हे मत पुन्हा तपासायची वेळ येते. गॅरंटी असेल तर घोषणेपूर्वीच बँकेकडून ती सोडवून लेखी घ्यावी. बँक तयार नसेल तर कलम ५९ चा मार्ग थांबवून विचार करावा.

त्याखालोखाल सुटतात त्या जुन्या कर्जांच्या नोंदी. कर्ज फिटलेले, बँकेचे पत्रही हातात, पण ते फिटल्याचा सीएचजी-४ हा फॉर्म भरलेला नाही, त्यामुळे एमसीएच्या (कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या) नोंदीत बोजा, म्हणजे तारणाची नोंद, अजून उघडा. बोज्यांची यादी पोर्टलवर दोन मिनिटांत दिसते. पॅकेज देणारी फर्म ती पहिल्या भेटीत काढून आणत नसेल तर तिचे काम वरवरचे आहे असे समजायला हरकत नाही.

दोन वर्षांतले व्यवहार हा स्वतंत्र भाग असावा. कोणती मालमत्ता विकली, कोणाला, कधी, किती रकमेला, आणि किंमत कशी ठरली? संचालकांना, नातेवाइकांना, त्यांच्या इतर फर्मना कोणते पैसे गेले? संचालकाने कंपनीला दिलेले कर्ज धनकोंच्या आधी परत घेतले का? धनकोंमध्ये भेदभाव करणाऱ्या किंवा कमी किमतीच्या व्यवहारांबद्दल संहिता मागे वळून बघते: संबंधित पक्षाच्या बाबतीत २ वर्षे, इतरांच्या बाबतीत १ वर्ष. मालमत्ता लपवल्याबद्दलच्या अपराधात किमतीची मर्यादा १०,००० रुपये आहे. एखादा जुना लॅपटॉप आणि प्रिंटर घरी नेला तरी ती ओलांडली जाऊ शकते. विकत घ्यायचा असेल तर रीतसर किंमत ठरवून बिल करा आणि यादीत लिहा.

कर्मचाऱ्यांचा भाग बहुतेक पॅकेजांत ठीक असतो: पीएफ, ईएसआयसी, ग्रॅच्युइटी, रजेचे पैसे, बोनस. महाराष्ट्रातल्या कंपन्यांनी पीटीआरसी आणि पीटीईसी या दोन्ही नोंदी तपासाव्यात, कारण पगारातून कापलेला व्यवसाय कर (पीटीआरसी) आणि कंपनीचा स्वतःचा व्यवसाय कर (पीटीईसी) वेगळे आहेत आणि एकच रद्द करून काम झाले असे मानले जाते. परदेशी गुंतवणूक असेल तर एफसी-जीपीआर (परदेशी गुंतवणूकदाराला शेअर दिल्याचे विवरण) वेळेवर गेले होते का आणि दरवर्षी १५ जुलैपर्यंतचे एफएलए (परदेशी देणी व मालमत्तेचे) विवरण भरले आहे का, हे पाहिल्याशिवाय पैसे बाहेर पाठवताना बँक अडवते.

उत्तरे पडताळायची कशी, हे फर्मने दाखवले पाहिजे. आयकर पोर्टलवर थकीत मागणीचे पान आणि ई-प्रोसीडिंग्ज, दोन्ही. ट्रेसेस या टीडीएसच्या पोर्टलवर किरकोळ त्रुटी. ई-कोर्ट्सवर आणि एनसीएलटीच्या संकेतस्थळावर कंपनीच्या नावाने शोध, तोही नावाच्या दोन-तीन स्पेलिंगांनी आणि जुन्या नावानेही. जीएसटी पोर्टलवर नोटिसा दोन ठिकाणी दिसतात: नेहमीचे "नोटिसा आणि आदेश" आणि "अतिरिक्त नोटिसा आणि आदेश". कारणे दाखवा नोटीस दुसऱ्या ठिकाणी पडून असते आणि पहिले पान रिकामे बघून "काही नाही" असे लिहिले जाते. याहूनही मुळाशी जायचे तर सगळ्या पोर्टलवर नोंदवलेला ईमेल आणि मोबाइल कोणाचा आहे ते बघा. तो सोडून गेलेल्या अकाउंटंटचा असेल तर नोटिसा त्याच्याकडे जात आहेत. तो बदलणे हे पॅकेजमधले पहिले काम असायला हवे.

मूल्यांकन

यावर फार लिहिण्यासारखे नाही. फक्त बँक शिल्लक असलेल्या कंपनीत हा भाग नाममात्र असतो. जमीन, यंत्रे किंवा साठा असेल तर नोंदणीकृत व्हॅल्युअरचा अहवाल मागा आणि तो घोषणेच्या तारखेच्या जवळचा असू द्या. पुस्तकी किंमत हे मूल्यांकन नव्हे.

तारखा: थोडक्यात चुकणारे काम

घोषणेनंतर ४ आठवड्यांच्या आत भागधारकांचा विशेष ठराव व्हायला हवा. कागदावर हे सोपे दिसते. आता मोजून बघा. संचालकांनी ३ जूनला घोषणा केली तर शेवटची तारीख १ जुलै. सभेसाठी २१ पूर्ण दिवसांची सूचना लागते, सूचना मिळाल्याचा आणि सभेचा दिवस धरता येत नाही. ४ जूनला ईमेलने सूचना गेली तर सभा लवकरात लवकर २६ जूनला. पोस्टाने पाठवली तर ४८ तास आणखी धरायचे, म्हणजे २८ जून. थोडक्यात हातात तीन ते पाच दिवस उरतात. कोणा संचालकाच्या प्रतिज्ञापत्राला दोन दिवस उशीर झाला तरी वेळापत्रक कोसळते. भरणा झालेल्या भांडवलापैकी ९५ टक्के धारण करणाऱ्या आणि संख्येनेही बहुसंख्य असलेल्या सभासदांची संमती असेल तर कमी मुदतीची सूचना चालते. भागधारक मोजके असतील तर ही संमती आधीच लेखी घेऊन ठेवणारी फर्म अनुभवी समजावी.

कंपनीवर देणे असेल तर ठरावानंतर ७ दिवसांत, देण्याच्या रकमेच्या दोन-तृतीयांश इतक्या धनकोंची मंजुरी हवी. ठरावाची किंवा मंजुरीची माहिती आरओसी आणि आयबीबीआयला ७ दिवसांत. ठरावाचा एमजीटी-१४ हा फॉर्म आरओसीकडे ३० दिवसांत. लिक्विडेटर नेमल्यापासून ५ दिवसांत जाहीर सूचना, एका इंग्रजी आणि एका प्रादेशिक भाषेतल्या वर्तमानपत्रात, कंपनीचे संकेतस्थळ असेल तर तिथेही. २६ जूनला ठराव झाला तर दावे २६ जुलैपर्यंत घ्यायचे आणि लिक्विडेटरचा प्राथमिक अहवाल १० ऑगस्टपर्यंत, म्हणजे ४५ दिवसांत.

जाहिरातींत झळकणारी "९० दिवसांत कंपनी बंद" ही ओळ नीट वाचा. विनियमांत ९० दिवस आहेत ते धनकोंच्या मंजुरीची गरज नसलेल्या प्रकरणांसाठी. मंजुरी लागली असेल तर २७० दिवस. ही मुदत लिक्विडेटरच्या कामाची आहे. एनसीएलटीचा विसर्जनाचा आदेश त्यानंतर येतो आणि तो किती दिवसांत येईल हे कोणतीही फर्म ठरवू शकत नाही. शिवाय जीएसटी कायद्यानुसार लिक्विडेटरने नेमणुकीनंतर ३० दिवसांत आयुक्तांना कळवायचे आणि कर देण्यासाठी किती रक्कम राखायची हे सांगायला आयुक्तांकडे ३ महिने असतात. हे वेळापत्रक ९० दिवसांच्या जाहिरातीत बसतच नाही. ज्या प्रस्तावात या ३ महिन्यांचा उल्लेखच नाही, तो तयार करणाऱ्याने जीएसटीचे देणे नसलेली कंपनी गृहीत धरलेली आहे.

आयकराच्या "ना हरकत" प्रमाणपत्रासाठी वेगळी फी लावली असेल तर कारण विचारा. नोव्हेंबर २०२१ च्या परिपत्रकात आयबीबीआयने स्पष्ट केले आहे की ऐच्छिक परिसमापनात लिक्विडेटरने असे प्रमाणपत्र मिळवणे आवश्यक नाही. विभागाला कळवणे आणि त्याचा दावा आला तर तपासणे हे मात्र करावेच लागते.

लिक्विडेटर कोण?

"आमचेच लिक्विडेटर" ही सोय आकर्षक वाटते. पण लिक्विडेटर कंपनीपासून स्वतंत्र असला पाहिजे. मागच्या तीन वर्षांत जो कंपनीचा कर्मचारी होता, किंवा तिच्या ऑडिट फर्मचा, कंपनी सेक्रेटरी फर्मचा किंवा कॉस्ट ऑडिट फर्मचा भागीदार अथवा कर्मचारी होता, त्याला नेमता येत नाही. संबंधित पक्षालाही नाही. म्हणजे वर्षानुवर्षे ऑडिट करणारे सीए, ते इन्सॉल्व्हन्सी प्रोफेशनल असले तरी, इथे चालणार नाहीत. नेमणुकीच्या दिवशी त्यांच्याकडे काम स्वीकारण्याचे वैध प्राधिकारपत्र आहे का, हे आयबीबीआयच्या संकेतस्थळावर बघता येते. मानधन आणि अटी ठरावातच लिहायच्या असतात. ठरावात आकडा मोकळा सोडणारा मसुदा परत पाठवा.

आणि हे संचालकांना कोणीतरी स्पष्ट सांगायला हवे: पॅकेज संचालकांनी विकत घेतले असले तरी लिक्विडेटर त्यांची बाजू मांडायला नसतो. देणी पूर्ण फिटणार नाहीत किंवा कोणाला फसवण्यासाठी हे चालले आहे असे त्याचे मत झाले, तर प्रक्रिया स्थगित करण्यासाठी त्याला एनसीएलटीकडे जावेच लागते. सुरुवातीला सांगितलेली अडचण त्याला नियोजनात घेता येते. दाव्यांच्या काळात बाहेरून कळलेली अडचण त्याला अर्जात लिहावी लागते.

खासगी कंपनीच्या संचालकांसाठी आणखी एक कारण. कंपनी परिसमापनात गेल्यावर जीएसटीची रक्कम वसूल झाली नाही, तर ज्या काळाचा कर आहे त्या काळात संचालक असलेला प्रत्येक जण संयुक्तपणे आणि वैयक्तिकरीत्या जबाबदार धरला जाऊ शकतो. वसुली न होण्याला आपला घोर निष्काळजीपणा, गैरकृत्य किंवा कर्तव्यभंग कारण नाही, हे त्याने स्वतः सिद्ध करायचे असते. आयकर कायद्यातही अशीच तरतूद आहे. मध्येच राजीनामा दिलेल्या संचालकालाही त्याच्या काळापुरते हे लागू होते, म्हणून घोषणेवर सही नसली तरी प्रश्नावलीतला कराचा भाग त्याला पाठवावा आणि त्याचे उत्तर फाइलला लावावे. हे करणारी फर्म क्वचितच दिसते. दिसली तर फी थोडी जास्त असली तरी तिलाच काम द्या.

जिथे हे पॅकेज उपयोगाचे नाही

दुसऱ्या कोणी कंपनी कायद्याच्या कलम २७२ खाली कंपनी गुंडाळण्याची याचिका दाखल केली असेल, तर वरचे काहीही उपयोगी नाही, आणि तरीही काही ठिकाणी तेच पॅकेज विकले जाते. इथे प्रथमदर्शनी कारण दिसले की न्यायाधिकरण कंपनीला आदेशापासून ३० दिवसांत हरकती आणि स्थितीविवरण (मालमत्ता व देण्यांचा तपशील) दाखल करायला सांगते. विशेष परिस्थितीत आणखी ३० दिवस मिळू शकतात. विवरण विन-४ या फॉर्ममध्ये, दोन प्रतींत, प्रतिज्ञापत्रासह, आणि त्यातली माहिती दाखल करण्याच्या तारखेपासून ३० दिवसांपेक्षा मागची नको. मुदत चुकली तर कंपनी विरोध करण्याचा हक्कच गमावते आणि जबाबदार संचालकाला ६ महिन्यांपर्यंत कैद, २५,००० ते ५ लाख रुपये दंड, किंवा दोन्ही होऊ शकते.

गुंडाळण्याचा आदेश झाल्यावर माहिती देण्याचे कर्तव्य आणखी कडक होते. कंपनीची सगळी स्थावर-जंगम मालमत्ता, आणि नेहमीच्या व्यवहाराबाहेर तिचा कोणता भाग कसा, कोणाला, किती मोबदल्यात, कधी दिला, हे लिक्विडेटरला पूर्ण सांगावे लागते. न सांगितल्यास कलम ३३६ खाली ३ ते ५ वर्षे कैद आणि १ ते ३ लाख रुपये दंड. मालमत्ता लपवण्याची मर्यादा इथे फक्त १,००० रुपये. कोणी खोटा दावा मान्य करून घेतल्याचे माहीत असून महिनाभर लिक्विडेटरला न कळवणे, हाही यात अपराध आहे. फसवण्याचा हेतू नव्हता हे आरोपीने सिद्ध केले तर बचाव मिळू शकतो, पण सिद्ध करण्याचे ओझे त्याच्यावर असते.

या कामासाठी सेवा घेताना एक गोष्ट प्रस्तावात लिहून घ्या. आदेशानंतर ३० दिवसांत संचालकांनी आदेशाच्या तारखेपर्यंत पूर्ण केलेले आणि ऑडिट झालेले हिशेब कंपनीच्या खर्चाने द्यायचे असतात. वर्ष मध्येच तुटलेले असते, बँक खाती गोठलेली असतात, जुना ऑडिटर मागची फी थकल्यामुळे फाइल उघडत नाही, आणि ३० दिवस संपतात. म्हणून याचिकेवर सुनावणी चालू असतानाच दर महिन्याचे हिशेब बंद करणे, बँक ताळमेळ लावणे आणि ऑडिटरची लेखी संमती घेऊन ठेवणे हे काम सेवेत हवे. विन-४ मधले आकडे आणि हे ऑडिट झालेले हिशेब यांत फरक पडला, तर प्रत्येक फरकाची तारीखवार टीप सोबत देण्याची जबाबदारीही त्याच फर्मवर लिहून ठेवावी. लिक्विडेटरला ६० दिवसांत न्यायाधिकरणाला अहवाल द्यायचा असतो, आणि तो तयार करताना हे दोन्ही कागद त्याच्यासमोर असतात.